मिनिव्हॅनच्या वायरिंगला अलार्म जोडताना: नव्याने काम शिकणाऱ्यांसाठी

बाहेरून विकत घेतलेली अलार्म प्रणाली गाडीत बसवताना प्रत्यक्ष जोडणीला फार थोडा वेळ लागतो. खरा वेळ जातो तो कोणती वायर नेमके काय काम करते हे शोधण्यात आणि ते मोजून पक्के करण्यात. हे काम शिकायला येणाऱ्या प्रत्येकाला मी ही गोष्ट सर्वांत आधी सांगतो, कारण नवशिक्याचा हात आधी पक्कडीकडे जातो आणि मल्टिमीटर पेटीतच राहतो. मिनिव्हॅनमध्ये तर हा शोधाचा भाग साध्या चार दरवाजांच्या गाडीपेक्षा बराच मोठा असतो. सरकते दरवाजे, मागचा वर उचलला जाणारा दरवाजा, विजेवर चालणारी लॉक आणि कित्येकदा सरकत्या दरवाजांच्या मोटारी, या सर्वांच्या वायरी डॅशबोर्डखाली एकत्र येतात आणि त्यांतील अनेक दिसायला अगदी सारख्या असतात.

साधनांपैकी डिजिटल मल्टिमीटरला पर्याय नाही. बल्बचा टेस्ट लॅम्प अनेक जुन्या कारागिरांच्या हातात आजही दिसतो आणि फ्यूज तपासण्यासाठी तो उत्तमही आहे. परंतु तो पेटताना साधारण पाव अँपिअर करंट ओढतो आणि आधुनिक गाडीच्या मॉड्यूलमधील (गाडीची कामे चालवणाऱ्या इलेक्ट्रॉनिक पेटीतील) नाजूक सर्किटला तेवढा करंट सहन होईलच असे नाही. मल्टिमीटरचा अंतर्गत रोध सहसा १० मेगओहम असतो, त्यामुळे १२ व्होल्ट मोजताना तो जेमतेम एक मायक्रोअँपिअर घेतो. एअरबॅगच्या पिवळ्या वेष्टनातील किंवा पिवळ्या कपलरमधील (वायरी जोडणाऱ्या प्लगमधील) वायरींना मात्र टेस्ट लॅम्प नाही आणि मीटरही नाही. त्यांना हात लावायचाच नाही. हायब्रिड गाडी असेल, तर नारिंगी वेष्टनातील उच्चदाबाच्या केबललाही हाच नियम लागू होतो. स्टिअरिंग कॉलमचे झाकण काढण्यापूर्वी बॅटरीचे निगेटिव्ह टर्मिनल सोडवावे आणि गाडीच्या दुरुस्तीपुस्तिकेत सांगितलेला वेळ थांबावे, कारण एअरबॅगच्या मॉड्यूलमध्ये काही काळ विद्युतभार साठून राहतो. टर्मिनल पुन्हा जोडताना चालकाच्या बाजूची काच खाली आणि किल्ली गाडीबाहेर ठेवावी. वीज परत येताच काही गाड्या स्वतःहून लॉक होतात.

वायरींच्या रंगांचे तक्ते सहज मिळतात आणि शोध कोठून सुरू करावा यासाठी ते उपयोगीही असतात. त्यांच्यावर विसंबून जोडणी मात्र करू नये. एकाच नावाच्या गाडीत साध्या आणि महागड्या प्रकारांचे हार्नेस, म्हणजे वायरींचे जुडगे, वेगळे असतात, आणि एकाच रंगाच्या दोन वायरी दोन वेगळ्या कपलरमध्ये दोन वेगळी कामे करत असतात. तक्ता जागा सांगतो, खात्री मीटर देतो.

सुरुवात पुरवठ्याच्या वायरींपासून करावी. किल्ली काढलेली असतानाही जिथे १२ व्होल्ट मिळतात ती कायम पुरवठ्याची वायर. इग्निशनची आणि अ‍ॅक्सेसरीची वायर ओळखताना पुष्कळांचा गोंधळ होतो, कारण किल्ली फिरवल्यावर दोन्हींवर १२ व्होल्ट दिसतात. त्यांतील फरक सेल्फ मारताना कळतो: इंजिन फिरत असतानाही इग्निशनच्या वायरवरचा पुरवठा टिकून राहतो, तर अ‍ॅक्सेसरीचा तेवढ्यापुरता शून्यावर येतो. म्हणून मीटर लावून प्रत्यक्ष सेल्फ मारल्याशिवाय या दोघींपैकी कोणतीही वायर निश्चित धरू नये. फ्यूज पुरवठ्याच्या टोकाजवळच असावा. तो अलार्मजवळ बसवला, तर मधली सगळी वायर असुरक्षित राहते. अर्थसाठी, म्हणजे बॅटरीच्या निगेटिव्हकडे परतणाऱ्या जोडणीसाठी, बॉडीच्या पत्र्यावरचा रंग खरवडून रिंग टर्मिनल बोल्टने घट्ट बसवावे आणि अलार्मवर भार असताना तो बोल्ट व बॅटरीचे निगेटिव्ह टर्मिनल यांच्यातील व्होल्टेज मोजावे. ते ०.१ व्होल्टपेक्षा जास्त दिसले, तर ती जागा बदलावी. रिमोट कधी चालतो, कधी चालत नाही, सायरन मध्येच अडखळतो, अशा चमत्कारिक वाटणाऱ्या अनेक तक्रारींचे मूळ मला शेवटी कमकुवत अर्थमध्येच सापडले आहे.

आता दरवाजांकडे वळू. मिनिव्हॅनच्या कामाचा कस येथेच लागतो. साध्या रचनेत प्रत्येक दरवाजाच्या चौकटीत किंवा लॅचमध्ये (दरवाजा पकडून ठेवणाऱ्या कडीत) एक स्विच असतो आणि दरवाजा उघडला की तो आपली वायर अर्थला जोडतो. अशा वायरवर दरवाजा बंद असताना व्होल्टेज दिसते आणि उघडल्यावर शून्य येते. अलार्मच्या भाषेत हा निगेटिव्ह ट्रिगर. काही गाड्यांत नेमके उलटे असते, म्हणजे बंद असताना शून्य आणि उघडल्यावर १२ व्होल्ट; तो पॉझिटिव्ह ट्रिगर. अलार्ममध्ये या दोन्हींसाठी वेगवेगळ्या वायरी दिलेल्या असतात. मोजताना दरवाजा प्रत्येक वेळी उघडून बंद करण्याची गरज नाही. दरवाजा उघडा ठेवून लॅच स्क्रूड्रायव्हरने बंद स्थितीत फिरवले, तरी लॅचमधील स्विच तोच संकेत देतो. मोजणी संपल्यावर हँडल ओढून लॅच पुन्हा सोडवणे मात्र विसरू नये, कारण बंद लॅचवर दरवाजा आपटला तर दोन्हींचे नुकसान होते.

सर्व दरवाजे एकाच वायरवर मिळावेत म्हणून आतल्या दिव्याची वायर वापरण्याचा मोह होतो. जुन्या गाड्यांत ही युक्ती चालत असे. नंतरच्या गाड्यांत मात्र दरवाजा बंद झाल्यावरही दिवा काही सेकंद जळत राहतो आणि हळूहळू मंद होत विझतो, त्यामुळे अलार्मला दरवाजा अजून उघडाच आहे असे वाटते. दुसरीकडे अलार्म बसवलेली एक मिनिव्हॅन माझ्याकडे आली, तिची तक्रार हीच होती: गाडी लॉक केली की दरवाजा उघडा असल्याचा इशारा दर वेळी वाजे. मालकाला त्या इशाऱ्याची सवय झाली होती आणि तो त्याकडे लक्षच देत नव्हता. मला यातील धोका त्या आवाजापेक्षा कितीतरी मोठा वाटला, कारण सरकता दरवाजा खरोखरच अर्धवट लागलेला असेल, त्या दिवशीही इशारा अगदी तसाच वाजणार होता. दिव्यावरून घेतलेली वायर काढून मी प्रत्येक दरवाजाची स्वतंत्र वायर शोधली आणि त्या डायोडमधून, म्हणजे एकाच दिशेने करंट जाऊ देणाऱ्या भागांमधून, एकत्र आणल्या. तक्रार संपली.

डायोड का लागतात हे नीट समजून घ्यावे. पुढचे दोन, सरकते दोन आणि मागचा एक अशा पाच दरवाजांच्या वायरी थेट एकत्र पिळल्या, तर एक दरवाजा उघडताच दरवाजे, दिवे आणि लॉक सांभाळणाऱ्या बॉडी कंट्रोल मॉड्यूलला पाचही उघडे वाटतात. मग डॅशबोर्डवर चुकीचा दरवाजा दिसतो आणि मोटारीवर चालणारा सरकता दरवाजा आपण बंद आहोत की उघडे याबद्दल गोंधळून काम थांबवू शकतो. म्हणून प्रत्येक वायरला एक अँपिअरचा साधा डायोड लावावा, १एन४००७ किंवा त्याच मालिकेतील कोणताही. निगेटिव्ह ट्रिगर असेल, तर डायोडवरची पट्टी दरवाजाच्या वायरकडे आणि दुसरे टोक अलार्मकडे यावे. पॉझिटिव्ह ट्रिगर असेल, तर याच्या उलट. जोडणी झाल्यावर एकेक दरवाजा उघडून डॅशबोर्डवर फक्त तोच दरवाजा दिसतो ना, हे पाहावे.

सरकत्या दरवाजाची वायर कोठे शोधायची हेही गाडीच्या रचनेवर ठरते. अनेक जुन्या मिनिव्हॅनमध्ये या दरवाजात जाणारा अखंड हार्नेसच नसतो. खांबावरचे स्प्रिंगचे संपर्कबिंदू दरवाजा बंद झाल्यावर त्याच्या कडेवरील संपर्कबिंदूंना टेकतात आणि तेव्हाच दरवाजातील लॉकला वीज मिळते. अशा गाडीत दरवाजा उघडा असताना त्याचे लॉक हलले नाही, तर दोष अलार्मचा नसतो. ते संपर्कबिंदू मळले, की बंद दरवाजाचे लॉकही कधी चालते, कधी चालत नाही, म्हणून काम सुरू करण्यापूर्वी ते स्वच्छ करून घ्यावेत. मोटारीच्या सरकत्या दरवाजांत लवचिक मार्गातून जाणारा हार्नेस असतो आणि तो दरवाजाबरोबर सतत वाकतो; त्यात नवी वायर घुसवू नये, संकेत बॉडीच्या बाजूला, मॉड्यूलजवळच घ्यावा.

सेंट्रल लॉकच्या वायरीही मोजूनच ओळखाव्यात. स्विच दाबल्यावर वायर अर्थला जात असेल, तर निगेटिव्ह पल्स; १२ व्होल्ट येत असतील, तर पॉझिटिव्ह पल्स. लॉक आणि अनलॉक दोन्ही वेळा एकाच वायरवर वेगवेगळे मधले व्होल्टेज दिसले, तर स्विचमध्ये रोधक आहेत आणि मॉड्यूल त्या व्होल्टेजवरून आज्ञा ओळखते, असे समजावे. तेथे थेट अर्थ देऊन चालत नाही. प्रत्येक आज्ञेसाठी योग्य मूल्याचा रोधक रिलेमार्फत (कॉइलला वीज दिली की चालणाऱ्या स्विचमार्फत) जोडावा लागतो आणि ते मूल्य स्विच सोडवून मोजता येते.

अलीकडच्या गाड्यांत दरवाजा आणि लॉक यांचे बरेचसे संकेत कॅन बसवरून, म्हणजे मॉड्यूल एकमेकांशी ज्यावरून बोलतात त्या दोन सामाईक वायरींवरून, जातात. बॉश कंपनीने १९८६ साली मांडलेली ही पद्धत आज जवळजवळ प्रत्येक गाडीत आहे. एकमेकींभोवती पिळलेल्या दोन वायरी दिसल्या, की सावध व्हावे. वेगवान कॅनमध्ये शांत अवस्थेत दोन्ही वायरींवर सुमारे २.५ व्होल्ट असतात, आणि दोन टोकांना १२० ओहमचे रोधक असल्यामुळे बॅटरी सोडवून दोन्ही वायरींमधील रोध मोजला, तर तो ६० ओहमच्या आसपास येतो. या वायरींना टेस्ट लॅम्प, रिले किंवा साधा ट्रिगर जोडू नये. त्या गाडीसाठी तयार केलेले डेटा मॉड्यूलच (कॅनवरचे संकेत अलार्मला समजावून देणारी पेटी) वापरावे आणि त्याच्या वायरी आखूड ठेवाव्यात. असे मॉड्यूल घेतल्याने डॅशबोर्डखालच्या जोडण्या पुष्कळच कमी होतात. नवशिक्याने कॅन असलेल्या गाडीत हाच मार्ग धरावा, असे माझे ठाम मत आहे.

सेल्फ तोडणारा रिले हा अलार्मचा सर्वांत उपयुक्त आणि सर्वांत जबाबदारीचा भाग आहे. इग्निशनच्या जाड वायरींमध्ये केवळ सेल्फ मारतानाच १२ व्होल्ट देणारी आणि किल्लीच्या इतर सर्व स्थितींत शून्यावर असणारी वायर तोडून तिच्यात हा रिले घालतात. तोडलेली दोन टोके ३० आणि ८७ए या पिनांना जोडावीत, कारण रिलेला वीज नसताना याच दोन पिना एकमेकींशी जोडलेल्या असतात. पुढे कधी अलार्म बंद पडला, तरी गाडी सुरू होते. कॉइलच्या ८६ क्रमांकाच्या पिनेला इग्निशनवरून पुरवठा द्यावा आणि ८५ क्रमांकाची पिन अलार्मच्या त्या आउटपुटला जोडावी, जो अलार्म चालू असताना अर्थ देतो. कॉइलला कायम पुरवठा दिला, तर ती गाडी उभी असताना रात्रंदिवस साधारण १५० मिलिअँपिअर घेत राहील, म्हणजे दिवसाला ३.६ अँपिअर-तास, आणि चांगली बॅटरीसुद्धा काही दिवसांत बसेल. चालत्या गाडीचे इग्निशन किंवा इंधनपंप तोडणारी जोडणी मात्र कोणी कितीही आग्रह केला तरी करू नये. चालत्या गाडीचे इंजिन बंद पडले, की स्टिअरिंग जड होते आणि ब्रेकची मदतही लवकरच संपते. बटणाने सुरू होणाऱ्या गाडीत ही जाड वायर सहसा त्या जागी नसते, तेथेही डेटा मॉड्यूलच घ्यावे.

जोड सोल्डर करून हीट श्रिंकने (गरम केल्यावर आकसणाऱ्या नळीने) झाकावेत आणि वायरी कापडी टेपने मूळ हार्नेसला बांधाव्यात. वायरला चिमटा बसवून जोड घेणारे स्वस्त क्लिप तारा अर्धवट कापतात आणि कालांतराने सैल होतात. स्टिअरिंगच्या दांड्याजवळ आणि पेडलच्या हालचालीत एकही वायर लोंबता कामा नये.

सायरन बॉनेटखाली, एग्झॉस्टच्या उष्णतेपासून दूर आणि तोंड खाली करून बसवावा, म्हणजे त्यात पाणी साचत नाही. मिनिव्हॅनचे अंतर्गत आकारमान मोठे असल्याने धक्का ओळखणारा सेन्सर फक्त पुढे बसवल्यास मागच्या दरवाजावरचा आघात त्याला क्षीण वाटतो आणि तीव्रता वाढवावी, तर शेजारून जाणाऱ्या अवजड वाहनानेही अलार्म वाजतो. सेन्सर शक्य तितका गाडीच्या मध्याकडे, बॉडीला घट्ट जोडलेल्या धातूच्या भागावर बसवावा आणि तीव्रता कमीपासून हळूहळू वाढवत न्यावी.

सर्व चालते असे दिसले, तरी काम संपलेले नसते. बॅटरीच्या निगेटिव्ह टर्मिनलमध्ये मीटर मालिकेत लावून, बॉनेट आणि दरवाजांची लॅच बंद स्थितीत फिरवून, अलार्म चालू करावा आणि गाडीची मॉड्यूल झोपेपर्यंत थांबावे; काही गाड्यांत याला अर्धा तासही लागतो. मीटर मध्ये असताना सेल्फ मारू नये. शेवटी स्थिरावलेला करंट ५० मिलिअँपिअरच्या आत असावा, कारण तेवढ्यानेही दिवसाला १.२ अँपिअर-तास खर्च होतात. आकडा जास्त आला, तर अलार्मचा फ्यूज काढून पुन्हा मोजावे. मग ओढ अलार्मची आहे की गाडीची, हे लगेच कळते. त्यानंतर कोणती वायर कोठून घेतली, डायोड आणि रिले कोठे आहेत, फ्यूज किती अँपिअरचा आहे आणि अलार्म तात्पुरता निष्क्रिय करणारा स्विच कोठे लपवला आहे, हे एका कागदावर लिहून तो कागद मालकाच्या हाती द्यावा आणि तो स्विच त्याच्याकडून एकदा वापरून घ्यावा.