माळ्यावर उदमांजर आले आहे? या चुका टाळा

कोकणातील कौलारू घरांत किंवा पुण्या-मुंबईच्या झाडीलगतच्या जुन्या इमारतींत रात्री माळ्यावरून धपधप आवाज येऊ लागला, की पहिला संशय घुशीवर जातो. मात्र आवाज जड असेल, दिवसा शांतता असेल आणि एखाद्या कोपऱ्यात जांभूळ किंवा भेरली माडाच्या अख्ख्या बियांनी भरलेली विष्ठा दिसत असेल, तर तेथे बहुधा उदमांजराचा मुक्काम आहे. काही भागांत त्याला कांडेचोर म्हणतात. दोन ते पाच किलो वजनाचा हा निशाचर प्राणी फळे, किडे आणि उंदीर खातो आणि स्वतःहून माणसाच्या वाटेला जात नाही.

आवाजाने हैराण झालेले घरमालक सर्वांत आधी गवंडी बोलावून कौलांखालचे भोक बुजवतात, आणि हीच सर्वांत घातक चूक ठरते. गवंडी दिवसा येतो आणि उदमांजर दिवसा आतच झोपलेले असते. त्यामुळे ते कोंडले जाते, सुटण्याच्या धडपडीत छताच्या फळ्या ओरबाडते आणि शेवटी तहानेने मरते. रात्री ते बाहेर पडल्यावर भोक बुजवले, तरी आत पिल्ले असण्याची शक्यता उरतेच. उदमांजराची वीण वर्षात केव्हाही होऊ शकते आणि मादी एका वेळी साधारणतः दोन ते पाच पिल्लांना जन्म देते, म्हणून अमुक महिन्यात पिल्ले नसतील असा हिशेब करता येत नाही. भोक बुजवणे हे शेवटचे काम आहे, पहिले नव्हे.

मिरचीची धुरी देणे, फटाके लावणे किंवा काठीने टोचणे हे उपाय आजही सर्रास केले जातात. धुराने मोठे जनावर कदाचित पळेल, पण डोळेही न उघडलेली पिल्ले जागीच गुदमरतील. शिवाय लाकडी वासे असलेल्या घरात विस्तवाचा धोका आपल्यालाच आहे. कोपऱ्यात सापडलेले उदमांजर उग्र वासाचा स्राव सोडते आणि चावतेही. चावा किंवा ओरखडा बसल्यास जखम साबण आणि वाहत्या पाण्याने किमान १५ मिनिटे धुवावी आणि रेबीजच्या लसीसाठी त्याच दिवशी डॉक्टरांकडे जावे.

योग्य मार्ग संथ आहे, पण तो लागू पडतो. माळ्यावर दिवसा दिवा लावून ठेवावा, जवळ मध्यम आवाजात रेडिओ चालू ठेवावा आणि बाहेर जाण्याची वाट मोकळी सोडावी. अंधार आणि शांतता नाहीशी झाली, की मादी बहुधा पिल्लांना तोंडात धरून दुसरीकडे नेते. त्यासाठी तिला काही रात्री द्याव्यात. मग भोकात चुरगळलेला कागद सैलसर कोंबावा आणि आतल्या बाजूला राखेचा पातळ थर पसरावा. सलग तीन रात्री कागद हलला नाही, राखेत पाऊल उमटले नाही आणि दिवसा पिल्लांची चिवचिव ऐकू आली नाही, तरच तेथे मजबूत लोखंडी जाळी ठोकावी. छपराला टेकलेल्या फांद्या छाटणेही तितकेच आवश्यक आहे, कारण बहुतेक वेळा येण्याची वाट तीच असते.

पिंजरा लावून जनावर दूरच्या डोंगरात सोडून येणे अनेकांना दयेचे काम वाटते. प्रत्यक्षात पिल्ले मागे राहतात आणि अनोळखी जागेत त्या जनावराला अन्न, आसरा सारे नव्याने शोधावे लागते. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ नुसार सापळा लावणे, पकडणे आणि आमिष दाखवणे हेही शिकारीच्या व्याख्येत मोडते, हे फार थोड्यांना ठाऊक असते. पकडण्याची वेळ खरोखरच आली, तर महाराष्ट्रात वनविभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवावे.

पिल्लू खाली पडलेले दिसल्यास त्याला गाईचे दूध पाजू नये. हातमोजे घालून ते उघड्या खोक्यात, सापडले त्याच जागेजवळ, कुत्र्या-मांजरांच्या आवाक्याबाहेर ठेवावे आणि रात्रभर तेथून लांब राहावे. आई बहुतेकदा परत येते. पिल्लू जखमी असेल किंवा सकाळपर्यंत तेथेच राहिले असेल, तर मात्र वनविभागाला फोन करावा.

इमारतीच्या डक्टमध्ये किंवा रिकाम्या टाकीत पडलेल्या उदमांजराला गुळगुळीत भिंतींमुळे वर चढता येत नाही. अशा वेळी आत उतरून त्याला धरू नये. खरबरीत लांब फळी तिरकी लावावी किंवा जाड दोर वर पक्का बांधून तळापर्यंत सोडावा, दिवे मालवावेत आणि जमलेल्या लोकांना घरी पाठवावे. गर्दी पांगली की ते अंधारात आपले आपण चढून निघून जाण्याची शक्यता सर्वाधिक असते.