सोलापुरात घर परवडतं का? हिशेब मांडायची रीत

‘पुण्याच्या मानाने सोलापुरात घरं स्वस्तच’ हे प्रत्येक चर्चेत ऐकू येतं. पण इथली मजुरीही पुण्याची नाही. महापालिकेला निवेदन द्यायचं असो की अभ्यास करायचा असो, आधी एका गल्लीचा हिशेब हातात घ्या.

सुरुवात कमाईपासून करा, कारण सगळ्यात जास्त चुका इथेच होतात. यंत्रमागावर मजुरी आठवड्याला मिळते, विडीची हजार विड्यांवर. ‘महिन्याला किती?’ असं विचारलं की ढोबळ आकडा येतो. त्याऐवजी मागच्या चार आठवड्यांची रक्कम विचारा आणि वर्षात किती आठवडे काम बंद होतं तेही. घरातल्या सगळ्यांची कमाई धरा. मग सरासरी काढू नका. आकडे चढत्या क्रमाने लावून मधला घ्या, नाहीतर एखाद्या दुकानदारामुळे सगळी गल्ली सुखवस्तू दिसते.

घराची किंमत रेडी रेकनरवरून धरू नका, तो सरकारने मुद्रांक शुल्कासाठी ठरवलेला किमान दर आहे. इंडेक्स टू, म्हणजे खरेदीखताच्या नोंदणीचा उतारा, यातला नोंदवलेला मोबदला पाहा आणि शेजारी प्रत्यक्ष भाव विचारा. दर कार्पेटवर (भिंतींच्या आतली वापरायची जागा) आहे की सुपर बिल्टअपवर (भिंती, जिना वगैरेंचा वाटा धरून), हे आधी पक्कं करा.

समजा, कार्पेट ३० चौरस मीटर, म्हणजे ३२३ चौरस फूट, आणि दर चौरस फुटाला ३,००० रुपये. किंमत ९.६९ लाख. त्यावर मुद्रांक शुल्क ६ टक्के धरलं तर ५८,१४० (बाईच्या नावावर १ टक्का कमी), नोंदणी १ टक्का ९,६९०. बांधकाम चालू असेल तर परवडणाऱ्या घराचा जीएसटी १ टक्का, आणखी ९,६९०. एकूण सुमारे १०.४७ लाख. कर्ज ७.७५ लाख मिळालं तर २.७ लाख रोख हवेत, आणि बहुतेकांचं घोडं इथेच अडतं. व्याज ९ टक्के, मुदत २० वर्षं धरली तर लाखाला हप्ता ९००. म्हणजे महिना ६,९७५. घराची महिन्याची कमाई १८,००० असेल तर ती ३९ टक्के खाल्ली. ३० टक्क्यांच्या वर गेलं की किराणा आणि शाळेची फी आखडते. किंमत वार्षिक कमाईच्या साडेचार पट. तिपटीपर्यंत परवडणारं मानतात.

हप्त्यात प्रवासही मिळवा. सोलापूरजवळ कुंभारीच्या रे नगरमध्ये कामगारांसाठी ३०,००० घरांची योजना आहे. त्यातल्या १५,००० घरांचं लोकार्पण जानेवारी २०२४ मध्ये झालं. शहराबाहेर जागा स्वस्त मिळते, पण रोजचं बसभाडं आणि जाण्यायेण्याचा वेळ कुटुंबाच्या अंगावर पडतो. विडी वळणाऱ्या बाईसाठी घर हेच कामाचं ठिकाण. उजेड, हवा आणि पाला-तंबाखू ठेवायला कोपरा नसेल तर ३० चौरस मीटरही अपुरे.

गुंठेवारीचा, म्हणजे मंजुरीशिवाय पाडलेला छोटा प्लॉट स्वस्त दिसला तर नियमितीकरणाचा खर्चही किमतीतच मिळवा. कागद पूर्ण नसले की बँक कर्ज द्यायला सहसा मागे सरते, आणि खासगी सावकाराचं व्याज आलं की वरचा हप्ता नव्याने काढावा लागतो.