नाकाच्या अहवालावरून ग्लायडरचा पंख कसा आखावा

नासा सुरू झाली १९५८ साली. त्याआधी १९१५ पासून विमानांवर संशोधन करणारी अमेरिकी सरकारी समिती म्हणजे नाका (टोलनाक्याशी संबंध नाही). पंखाच्या छेदाला एअरफॉइल म्हणतात. नाकाने असे कितीतरी छेद विंड टनेलमध्ये, म्हणजे मुद्दाम वारा सोडलेल्या बोगद्यात तपासले आणि मापांसकट छापले. ते अहवाल नासाच्या एनटीआरएस या संकेतस्थळावर फुकट मिळतात. हाताने फेकायच्या ग्लायडरला दोनच पुरतात: १९३३चा अहवाल ४६० आणि १९४५चा ८२४.

शोधताना नुसता ‘एअरफॉइल’ शब्द टाकू नका, हजारो कागद अंगावर येतील. ‘नाका टीआर ४६०’ असा क्रमांक रोमन लिपीत टाका. टीआर म्हणजे पक्का अहवाल, टीएन म्हणजे टिपण.

सुरुवातीला ४४१२ हा छेद घ्या. नावातच माप आहे: बाक कॉर्डच्या ४ टक्के, तो पुढच्या कडेपासून ४० टक्क्यांवर, जाडी १२ टक्के. कॉर्ड म्हणजे पंखाची पुढून मागे रुंदी. तक्त्यात प्रत्येक ठिकाणाची वरची आणि खालची उंची कॉर्डच्या टक्क्यांत असते. कॉर्ड २०० मिमी धरली की प्रत्येक आकडा दुप्पट करायचा, तेवढेच मिलिमीटर. उदाहरणार्थ ३० टक्क्यांवर वर ९.७६ आणि खाली उणे २.२६. म्हणजे पुढून ६० मिमीवर कॉर्डच्या रेषेच्या वर १९.५ आणि खाली ४.५ मिमी.

आकडे कॉपी-पेस्ट करू नका. जुन्या छपाईच्या स्कॅनमध्ये ३ चा ८ होतो, उणे चिन्ह गळते. डोळ्यांनी वाचून टाइप करा आणि ताळा घ्या: ३० टक्क्यांवरची वरची आणि खालची उंची मिळून १२ च्या आसपास यायला हवी. ९.७६ अधिक २.२६ म्हणजे १२.०२, बरोबर. बाकीचे बिंदू जोडल्यावर रेषेला कुठे टेंगूळ आले, तर तिथला आकडा चुकलाय.

रिबवर (पंखाच्या आतली, छेदाच्या आकाराची फळी) दीड मिमीचा बाल्साचा, म्हणजे अगदी हलक्या लाकडाचा, पत्रा चढवणार असाल, तर रिब सगळीकडून तेवढीच आत घ्या. हे हमखास विसरते आणि पंख १२ टक्क्यांऐवजी साडेतेरा टक्के जाड होतो. सावंतवाडीच्या खेळण्यांचा पांगारा हलका खरा, पण बाल्साइतका नाही, रिबसाठी नको. झेरॉक्सवाल्याकडे छापताना ‘फिट टू पेज’ बंद करायला सांगा. कागदावर १०० मिमीची रेघ काढून ठेवा आणि छापल्यावर पट्टीने मोजा.

आता खरी गोम. अहवालातले लिफ्टचे (पंखाला वर उचलणाऱ्या जोराचे) आलेख मोठ्या विमानांसाठी आहेत. ते कोणत्या रेनॉल्ड्स अंकाचे (वेग, कॉर्ड आणि हवा यांवरून निघणारा आकडा), हे आलेखावरच लिहिलेले असते. ८२४ मध्ये बहुतेक ३०, ६० आणि ९० लाखांचे. आपला अंक काढायचा तर वेग (मीटर प्रति सेकंद) गुणिले कॉर्ड (मीटर) गुणिले ६२,५००. पुस्तकांत ६८,००० असते, पण ते १५ अंशांच्या हवेचे. कोकणातली हवा ३० अंशांची धरा. ८ च्या वेगाला ०.२ कॉर्ड म्हणजे १ लाख, अहवालाच्या तिसाव्या हिश्श्याहून जास्त नाही. इतक्या कमी अंकाला हवा पंखाच्या पाठीवरून लवकर सुटते. त्यामुळे आलेखातली कमाल लिफ्ट आपल्याला मिळत नाही आणि नाक वर करून फेकलेला ग्लायडर आपटतो. अहवालातून आकार घ्या, कमाल आकडे नका घेऊ.

४४१२ चा बाक नाक खाली ओढतो, म्हणून शेपूट हवीच. तोल पुढच्या कडेपासून ५० ते ६० मिमीवर आणा. नाकातल्या वजनाला मासेमारीच्या जाळ्याची शिशाची गोळी उत्तम. ग्लायडर उचलतो, थबकतो आणि पडतो? वजन वाढवा. सरळ सूर मारतो? कमी करा.

किनाऱ्यावर फेकायला सकाळची वेळ धरा, मतलई वारा मंद असताना. तो जमिनीकडून येतो, म्हणून तोंड सुरूच्या बनाकडे करून, नाक क्षितिजाच्या किंचित खाली ठेवून फेका. दुपारी खारा वारा सुटला की त्याच्या तोंडावर फेकायचे म्हणजे समुद्राकडे फेकायचे, आणि भिजलेला बाल्सा वाळला तरी वाकडाच राहतो.