कॉलेजने फी आणि मूळ मार्कशीट अडवली? या चुका टाळा

खाजगी कॉलेजातला प्रवेश रद्द केला की भांडण बहुधा दोन गोष्टींवरून होतं: भरलेली फी आणि जमा केलेले मूळ दाखले. दोन्हींबाबत नियम विद्यार्थ्याच्या बाजूचे आहेत. प्रकरण फसतं ते अर्जावर तारीख नसल्यामुळे.

सगळ्यात महाग चूक म्हणजे तोंडी ‘प्रवेश नको’ सांगून घरी येणं. युजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोग) ऑक्टोबर 2018 च्या अधिसूचनेनुसार परतावा दिवसांवर ठरतो. प्रवेशाच्या जाहीर अंतिम तारखेच्या 15 किंवा अधिक दिवस आधी लेखी अर्ज दिला, तर पूर्ण फी परत; त्यातून फक्त प्रक्रिया खर्च कापता येतो, 5 टक्के आणि तोही 5,000 रुपयांपेक्षा जास्त नाही. त्याहून कमी दिवस उरले असतील तर 90 टक्के. तारीख उलटल्यावर 15 दिवसांपर्यंत 80, 30 दिवसांपर्यंत 50, पुढे शून्य. ‘साहेब उद्या येतील’ ऐकत घातलेले हेलपाटे किती रुपयांना पडतात, ते यावरून कळेल. युजीसी एखाद्या वर्षी वेगळी सवलतही देते: 2024-25 साठी 30 सप्टेंबरपर्यंत पूर्ण परतावा होता. त्यामुळे आपल्या वर्षाचं परिपत्रक आधी पाहा.

अर्जाच्या दोन प्रती न्या. फी पावतीचा क्रमांक आणि बँक खातं लिहा, आपल्या प्रतीवर आवक शिक्का व तारीख घ्या. शिक्का द्यायला नकार मिळाला तर त्याच दिवशी ईमेल आणि स्पीड पोस्ट. अर्जापासून 15 दिवसांत पैसे मिळायला हवेत. अनामत रक्कम या टक्केवारीत येत नाही, ती वेगळी मागा. जागा कॅपमधून (केंद्रीय प्रवेश प्रक्रिया) मिळाली असेल तर राज्याच्या सीईटी कक्षाच्या पोर्टलवरही प्रवेश रद्द करा. नुसता कॉलेजातला अर्ज पुरत नाही.

मूळ दाखले तपासून लगेच परत करायचे, कॉलेजने साक्षांकित प्रती ठेवायच्या, असं तीच अधिसूचना सांगते. ‘उरलेल्या वर्षांची फी भरा, मग टीसी’ हा दबाव चालत नाही. एका वेळी एकाच सत्राची किंवा वर्षाची फी घ्यावी, असं सर्वोच्च न्यायालयाने 2003 मध्येच म्हटलं आहे. घाबरून हमीपत्रावर सही करू नका.

पुढची चूक दार चुकण्याची. अनेकजण थेट ग्राहक आयोगात जातात. राष्ट्रीय ग्राहक आयोगाने 2020 मध्ये शैक्षणिक संस्थांना ग्राहक संरक्षण कायद्याबाहेर धरलं (कोचिंग क्लास मात्र आत), त्यामुळे तिथे पहिल्याच तारखेला अधिकारक्षेत्राचा वाद उभा राहतो. युजीसीच्या 2023 च्या विनियमांनुसार आधी कॉलेजच्या विद्यार्थी तक्रार निवारण समितीकडे जा. निर्णयाला 15 कामाचे दिवस. पटला नाही तर 15 दिवसांत विद्यापीठाच्या लोकपालाकडे अपील. ही मुदत चुकवू नका.

मंजुरीपेक्षा जास्त फी घेतली असेल तर मात्र रस्ता वेगळा. विनाअनुदानित व्यावसायिक कॉलेजांसाठी महाराष्ट्राच्या 2015 च्या कायद्याने नेमलेलं शुल्क नियामक प्राधिकरण आहे. मंजूर फीचा आकडा आणि आपल्या पावत्या शेजारी ठेवून तक्रार करा. ‘विकास निधी’ म्हणून पावतीविना रोख दिलेले पैसे सिद्ध करणं फार अवघड जातं.

उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते, पण तिथे पहिला प्रश्न येतो तो हाच: समिती आणि लोकपालाकडे गेला होता का? प्रवेशाची फेरी दोन दिवसांत संपत असेल आणि दाखले कॉलेजच्या कपाटात असतील, तर ती निकड तारखांसह याचिकेत मांडावी लागते.