पाचोळा जाळू नका, पावसाळ्यासाठी भरून ठेवा

फाल्गुन-चैत्रात अंगणभर पानं पडतात आणि संध्याकाळी ती पेटवून मोकळं व्हायची खोड अजून गेलेली नाही. उघड्यावर कचरा जाळायला राष्ट्रीय हरित लवादाने २०१६ मध्येच बंदी घातली. पण दंडाचं राहू द्या. घरी खत करणाऱ्याला हाच पाचोळा जून ते सप्टेंबर शोधूनही कोरडा मिळत नाही. खताच्या ड्रमला वास सुटतो तो त्याच दिवसांत, आणि मग लोक खत करणंच सोडतात.

म्हणून आत्ताच पोती भरा. शिरीष, गुलमोहर, कडुनिंबाची बारीक पानं तशीच चालतील. आंबा, फणस, वडाची जाड पानं मात्र चुरून घ्या, नाहीतर महिनोन्महिने तशीच राहतात. पोती छपराखाली, विटांवर ठेवा.

ड्रमला तळाशी आणि बाजूंनी भोकं हवीत. भाजीची देठं, साली, चहाचा चोथा असा एक डबा ओला कचरा पडला की वर दोन ते तीन डबे पाचोळा. मासळी-मटण, तेलकट उष्टं नको. विरजण म्हणून शेणकाला, आंबट ताक किंवा जुनं खत मूठभर घाला. ड्रममधलं मिश्रण मुठीत दाबलं की तळवा ओलसर व्हावा, पाणी ठिबकू नये. उन्हाळ्यात मुंग्या लागल्या तर पाणी शिंपडा. पावसात वास आला तर पाचोळा घालून खालीवर करा. एरवीही आठवड्यातून एकदा हलवलेलं बरं. अडीच-तीन महिन्यांत काळं, भुसभुशीत, मातीच्या वासाचं खत होतं.

आंब्याच्या साली बिनधास्त टाका, कोयी नकोत. त्या कुजायच्या आधी उगवतात. खताऐवजी कलमाला खुंट मिळतील!

ड्रममध्ये चपट्या, करड्या अळ्या दिसल्या तर घाबरू नका. त्या काळ्या सैनिक माशीच्या, कचरा झपाट्याने खाणाऱ्या. पांढरी, जाड, इंग्रजी सी अक्षरासारखी वाकलेली, तपकिरी डोक्याची अळी मात्र वेचून मारा. ती पिकांची मुळं खाणाऱ्या हुमणीची किंवा गेंड्या भुंग्याची असू शकते. गेंड्या भुंगा शेणखताच्या खड्ड्यात आणि कुजत्या ढिगात वाढतो आणि नारळाचा कोवळा कोंब पोखरतो, तेव्हा कोकणातल्या बागायतदारांनी माडाजवळचा ढीग दर वेळी तळापर्यंत उपसून पाहावा.