ज्याँ-पिएर दारुसाँचं काम कसं बघावं

आमच्या हौशी नाट्यसंस्थेत नवीन मुलं आली, की मी त्यांना ज्याँ-पिएर दारुसाँ या फ्रेंच नटाचं काम बघायला लावते. १९५३ साली पॅरिसजवळच्या कुर्बव्वा इथे, कामगाराच्या घरात त्याचा जन्म झाला. वेटर, टॅक्सीवाला, पोलीस, हेरखात्यातला साहेब असं सगळं त्याने केलं. मेकअपचा आधार न घेता हा प्रत्येक वेळी वेगळा माणूस होतो. कसा, ते पकडायचं असेल तर मिळेल तो सिनेमा लावून भागत नाही. क्रम ठरवावा लागतो.

सुरुवात 'अँ एर द फामीय' (१९९६) पासून करा. मुळात हे नाटक. रंगमंचावरही ही भूमिका त्यानेच केली होती, त्यामुळे आपल्यासारख्या नाटकवाल्यांना यातून फार मिळतं. शुक्रवारी रात्री एका कॅफेत कुटुंब जमतं, भांडतं; दारुसाँ तिथला वेटर. वाट्याला वाक्यं थोडी. पहिल्यांदा सबटायटल वाचत अख्खा सिनेमा बघून घ्या. मग दहा मिनिटांचा एखादा प्रवेश निवडा, सबटायटल बंद करा आणि बोलणाऱ्याला सोडून फक्त त्याच्याकडे बघा. कुठल्या वाक्याला त्याचे हात थांबतात? कुठे ऐकलं नसल्यासारखं करतो? वहीत लिहा. या कामासाठी त्याला सहायक अभिनेत्याचा सेझार (फ्रान्सचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार) मिळाला, आणि तो मिळाला ऐकण्याला, असं मी ठामपणे म्हणते.

लगेच 'फ रूज' (२००४) लावा. बायकोबरोबर गाडीने लांब निघालेला, वाटेत चोरून दारू पिणारा नवरा. वेटरचा सगळा मऊपणा इथे गायब. नशा दाखवायची म्हटली की आपली मुलं झोकांड्या खातात. हा मात्र शुद्धीत असल्याचं दाखवायची धडपड करतो. तेवढं जरी उचललंत तरी पुष्कळ झालं.

यानंतर रॉबेर गेदिग्याँचे सिनेमे, तेही सालाच्या क्रमानेच. मार्सेयचा हा दिग्दर्शक वर्षानुवर्षं आरियान आस्कारीद, जेरार मेलाँ आणि दारुसाँ यांनाच घेऊन काम करत आला. 'मारियुस ए जानेत' (१९९७), मग 'ले नेज द्यु किलिमांजारो' (२०११). या दुसऱ्यात तो गोदीतला युनियनचा पुढारी आहे. कपात होणाऱ्यांच्या चिठ्ठ्या काढताना स्वतःचंही नाव टाकतो. शेवटी 'ला व्हिला' (२०१७). त्यात गेदिग्याँने याच तिघांचा १९८५ च्या 'की लो सा?' मधला तुकडा वापरलाय. तिथे थांबा, मागे न्या, पुन्हा बघा. बत्तीस वर्षं एकत्र काम केल्यावर नटांना एकमेकांकडे नुसतं बघणं पुरतं, हे मला तालमीत कितीही बोलून समजावता येत नाही.

फिनलंडचा दिग्दर्शक आकी कौरिसमाकीचा 'ल आव्र' (२०११) मध्येच कधीही बघा. काळ्या पोशाखातला पोलीस इन्स्पेक्टर, चेहऱ्यावरची रेघही हलत नाही, तरी तो कोणाच्या बाजूचा याची उत्सुकता टिकते.

मालिकेसाठी वेगळी शिस्त हवी. 'ल ब्युरो दे लेजाँद' २०१५ साली सुरू झाली. एका सीझनचे दहा भाग. दारुसाँ इथे हेरखात्याच्या एका विभागाचा प्रमुख, आंरी द्युफ्लो. एका बैठकीत सीझन संपवू नका आणि वेग वाढवून तर मुळीच बघू नका. रोज एक भाग, आणि भाग संपला की एकच नोंद: आज द्युफ्लोला काय कळलं आणि ते त्याने कोणापासून लपवलं? साहेबाचा दरारा म्हणजे आवाज चढवणं, या समजुतीला इथे पहिल्या काही भागांतच तडा जातो. तिसऱ्या सीझनपर्यंत नोंदी सलग ठेवा. त्याच्याविषयी इंटरनेटवर काही शोधू नका, कथेतला मोठा धक्का फुटेल.

'ल प्रेसाँतिमाँ' (२००६) सगळ्यात शेवटी. हा त्याने स्वतः दिग्दर्शित केला आणि मुख्य भूमिकाही केली: श्रीमंती सोडून साध्या वस्तीत राहायला गेलेला वकील. तोवर वहीत बऱ्याच नोंदी झालेल्या असतील. त्या शेजारी ठेवा आणि स्वतःवर कॅमेरा किती वेळ ठेवायचा हे ठरवण्याची मुभा मिळाल्यावर त्याने कुठे ठेवलाय, कुठे काढून घेतलाय, ते ताडून बघा.