‘मेस’ म्हणजे नेमका कोणता गोंधळ? इंग्रजी लिहिता-बोलताना या चुका टाळा

लातूरला नीटच्या तयारीसाठी आलेल्या लेकराला पहिल्या आठवड्यात तीन गोष्टी लागतात: खोली, क्लास आणि मेस. मेस लावायची, एक वेळची की दोन वेळची ते ठरवायचं, गावी गेलं की खाडे धरायला सांगायचं, रविवारी फीस्टला काय आहे ते विचारायचं. हा शब्द आपल्या बोलण्यात इतका मुरलाय की तो इंग्रजी आहे हे कुणाच्या ध्यानातही येत नाही. अडचण होते पुढे. हेच लेकरू शिकायला किंवा नोकरीला परदेशात जातं आणि तिथल्या ओळखीच्या माणसाला कौतुकानं लिहितं, ‘द मेस इन अवर होस्टेल वॉज व्हेरी बिग.’ वाचणाऱ्याला वाटतं, होस्टेलात फार पसारा आणि घाण होती.

रोजच्या इंग्रजीत ‘मेस’ म्हटलं की आधी पसारा, घोळ, बिघडलेली अवस्था हेच डोळ्यापुढे येतं. जेवणाच्या जागेचा अर्थ तिकडे मुख्यतः सैन्यात उरलाय. ‘ऑफिसर्स मेस’ म्हणतात, अमेरिकन फौजेत ‘मेस हॉल’ म्हणतात. कॉलेजातल्या जेवणाच्या जागेला ‘डायनिंग हॉल’, ‘कॅन्टीन’ किंवा ‘कॅफेटेरिया’ हे शब्द आहेत. भारतातल्या माणसाला इंग्रजीत लिहिताय तर ‘होस्टेल मेस’ बिनधास्त लिहा, सगळ्यांना कळतं, त्यात चूक काही नाही. बाहेरच्या माणसासाठी मात्र ‘डायनिंग हॉल’ लिहिलेलं बरं.

छोटा ‘अ’ आणि मोठी पंचाईत

मराठीत ‘अ’ आणि ‘द’ नाहीत. त्यामुळे ऐकताना ते आपल्या कानावरून निघून जातात आणि बोलताना तोंडातून गळतात. एरवी त्यानं फारसं बिघडत नाही, पण या शब्दापाशी सगळा अर्थ त्या एका अक्षरावर बसलेला असतो.

‘आय ॲम ॲट द मेस’ म्हणजे मी मेसवर आहे, जेवतोय. ‘आय ॲम इन अ मेस’ म्हणजे मी अडचणीत सापडलोय. ‘आय ॲम अ मेस’ म्हणजे माझी अवस्था बघण्यासारखी राहिलेली नाही, मन ठिकाणावर नाही किंवा अवतार झालाय. साहेबांचा फोन आला, ‘कुठं आहेस?’ आणि तुम्ही घाईत ‘इन अ मेस, सर’ म्हणालात, तर ते काळजीत पडतील. जेवणाच्या जागेसाठी ‘ॲट द मेस’ पाठ करून ठेवा. ‘इन द मेस’ आपल्याकडे चालतं, पण ‘द’ गिळला की वाक्य लंगडं होतं आणि ‘द’च्या जागी ‘अ’ आला की अर्थच पालटतो.

ताटातून घोळात

जेवणाचा शब्द घोळाचा कसा झाला, हे एकदा कळलं की त्याचे अर्थ पाठ करावे लागत नाहीत. लॅटिनमध्ये पाठवणे, ठेवणे या अर्थाचं एक क्रियापद आहे, ‘मित्तेरे’. ‘मेसेज’, ‘मिशन’, ‘मिसाइल’ हे सगळे त्याच घरातले. त्यातूनच जुन्या फ्रेंचमध्ये ‘समोर मांडलेलं अन्न’ असा अर्थ घेऊन हा शब्द आला आणि तिथून इंग्रजीत गेला. आधी मेस म्हणजे एक वाढप, एक पदार्थ. मग एका पंगतीला बसणारी माणसं. लंडनमध्ये बॅरिस्टर घडवणाऱ्या जुन्या संस्था आहेत, त्यांच्या भोजनगृहात चौघांच्या गटाला मेस म्हणायची रीत आहे. सैन्यातली मेस याच पंगतीची, आणि आपल्या होस्टेलातली तिच्या नात्यातली.

दुसरीकडे पदार्थाच्या अर्थाला वेगळाच फाटा फुटला. अठराव्या शतकात मेस म्हणजे जनावरापुढे ठेवायचं कालवलेलं खाणं, म्हणजे आपलं आंबोण. पेंड, भुसा, उरलंसुरलं सगळं एकात एक. त्या कालवाकालवीतून एकोणिसाव्या शतकात ‘काही केल्या सुटं करता येत नाही अशी अवस्था’ हा अर्थ पक्का झाला. म्हणून आजही मेस म्हटलं की त्यात काहीतरी सांडलेलं, मिसळलेलं, चिकट झालेलं असल्याचा वास येतो. वरण सांडलं की मेस. हिशेबात दोन खाती एकमेकांत गेली की मेस.

स्पर्धा परीक्षेला बसणाऱ्यांनी इथे एक वाक्प्रचार टिपून ठेवावा: ‘अ मेस ऑफ पॉटेज’. बायबलमधला इसाव भुकेपोटी मसुराच्या आमटीसाठी आपला थोरलेपणाचा हक्क धाकट्या भावाला देऊन टाकतो, त्यावरून तो आलाय. क्षुल्लक फायद्यासाठी मोठी गोष्ट गमावणं, असा त्याचा अर्थ. इथे मेस म्हणजे घोळ नाहीच, निव्वळ वाटीभर आमटी. इंग्लंडात स्ट्रॉबेरी, साय आणि अंड्याच्या पांढऱ्याची गोड कुरकुरीत बिस्किटं मोडून कालवतात, त्या पदार्थाला ‘ईटन मेस’ म्हणतात. त्यात दोन्ही अर्थ एकाच वाडग्यात सापडतात.

सगळ्यात मोठी चूक: गोंधळ म्हणजे मेस, मेस म्हणजे गोंधळ

शब्दकोशात ‘मेस’पुढे गोंधळ लिहिलेलं असतं, ‘कन्फ्युजन’पुढेही गोंधळ, ‘केऑस’पुढेही गोंधळ. विद्यार्थी तिन्ही शब्द एकाच डब्यात टाकतो आणि हात घातल्यावर जो लागेल तो वापरतो. माझ्या मते निम्म्या चुका इथंच होतात. उपाय एकच: इंग्रजी शब्द शोधण्याआधी आपण मराठीत नेमकं काय म्हणालो असतो ते आठवायचं, कारण या बाबतीत मराठी गरीब नाही.

खोलीत कपडे, वह्या, चार्जर पसरलेत. मराठीत आपण त्याला गोंधळ म्हणत नाही, पसारा म्हणतो. इंग्रजीत ‘द रूम इज अ मेस’. नुसत्या अडगळीला, म्हणजे नको असलेल्या वस्तूंच्या गर्दीला, ‘क्लटर’ जास्त नेमका.

बचत गटाच्या वहीत जमा-खर्च जुळत नाही. हा घोळ. ‘द अकाउंट्स आर अ मेस’ बोलण्यात चालेल. पण कुणी मुद्दाम पैसे खाल्ले असतील तर तो घोटाळा, आणि घोटाळ्याला मेस म्हणणं म्हणजे चोराला वेंधळा म्हणण्यासारखं. तिथे ‘फ्रॉड’ किंवा ‘स्कॅम’ म्हणा.

पेपर सोपा होता, तरी वेळेचं गणित चुकलं आणि सगळ्याचा खेळखंडोबा झाला. ‘आय मेड अ मेस ऑफ द पेपर’. इथे दोन खाचा आहेत. ‘डिड अ मेस’ होत नाही, ‘मेड’च हवं. आणि ‘ऑफ’ विसरलात तर ‘पेपरनं पसारा केला’ की ‘पेपरचा पसारा केला’ तेच कळत नाही.

कुत्र्यानं गालिच्यावर घाण केली तरी इंग्रज माणूस सभ्यपणे ‘द डॉग मेड अ मेस’ म्हणतो. तान्ह्या बाळाबद्दलही तेच. पाहुण्यांसमोर ‘युवर सन मेड अ मेस’ म्हणताना हे लक्षात असू द्या.

सभागृहात गोंधळ, कामकाज तहकूब. ही आपल्या वर्तमानपत्रांची आवडती ओळ. इथला गोंधळ म्हणजे आरडाओरडा. त्याला ‘मेस’ही नाही आणि ‘कन्फ्युजन’ तर अजिबात नाही. ‘अपरोअर’ किंवा ‘कमोशन’ लिहा. सभागृहातल्या लोकांना काय करायचं ते चांगलंच ठाऊक असतं, त्यांचं कन्फ्युजन झालेलं नसतं.

मग ‘कन्फ्युजन’ कुठं? जिथं डोक्यात गुंता होतो किंवा एक गोष्ट दुसरी म्हणून धरली जाते तिथं. परभणी जिल्ह्यात सेलू आहे आणि वर्धा जिल्ह्यातही सेलू आहे. पार्सल एकाचं दुसऱ्याकडे जाऊ पाहतं, हे खरं कन्फ्युजन. संभाजीनगरचं नाव औरंगाबाद होतं तेव्हा बिहारच्या औरंगाबादशी अशीच गफलत व्हायची. इंग्रजीत ते असं लिहायचं: ‘पीपल कन्फ्यूज्ड अवर सिटी विथ द वन इन बिहार.’ गफलत ज्याच्याशी झाली त्याच्या आधी ‘विथ’ लावायचं. आणि ‘देअर इज अ कन्फ्युजन’पेक्षा ‘देअर इज सम कन्फ्युजन’ चांगलं, कारण ही गोष्ट इंग्रजीत सहसा मोजत नाहीत.

‘आय ॲम कन्फ्यूजिंग’ म्हणू नका

ही चूक मुलाखतीत हमखास ऐकू येते. प्रश्न कळला नाही म्हणून उमेदवार म्हणतो, ‘सर, आय ॲम कन्फ्यूजिंग.’ त्याचा अर्थ होतो, सर, मी लोकांना गोंधळात टाकतो. समोरच्याला ते पटूही शकतं, हा भाग वेगळा. ज्याचा गोंधळ उडाला तो ‘कन्फ्यूज्ड’. ज्यानं उडवला तो प्रश्न, तो नकाशा, तो फॉर्म ‘कन्फ्यूजिंग’. हेच ‘बोअर्ड’-‘बोअरिंग’ला आणि ‘इंटरेस्टेड’-‘इंटरेस्टिंग’लाही लागू.

तसंच मैत्रिणीला धीर देताना ‘डोन्ट कन्फ्यूज’ म्हणू नका. कुणाला गोंधळात टाकू नको ते अर्धंच राहतं. ‘डोन्ट गेट कन्फ्यूज्ड’ म्हणा. मराठीत ‘कन्फ्यूज होऊ नको’ म्हणतो, त्यातलं ‘होऊ’ इंग्रजीत ‘गेट’मध्ये जातं.

मेसच्या मागचा छोटा शब्द

‘आय मेस्ड अप’ म्हणजे माझ्याकडून घाण झाली, माझं चुकलं. ‘आय मेस्ड अप द फॉर्म’ म्हणजे फॉर्म बिघडवला. इथपर्यंत सोपं आहे. पण ‘ही इज मेस्ड अप’ म्हणजे तो माणूसच मनानं बिघडलेला आहे, आणि हे फार लागणारं बोलणं आहे. सहकाऱ्याकडून चूक झाली तर ‘ही मेस्ड अप’ म्हणा, मधला ‘इज’ काढा.

‘मेस अराउंड’ म्हणजे टवाळक्या करत वेळ घालवणं. त्यालाच जोडून कुणा माणसाचं नाव ‘विथ’नं आलं तर लफड्याचा वास येऊ शकतो, तेव्हा जपून. ‘डोन्ट मेस विथ मी’ म्हणजे माझ्या नादाला लागू नको. रिक्षांच्या मागच्या काचांवर हे शोभतं, अर्जात नाही. गंमत अशी की सैन्याच्या इंग्रजीत एखादा अधिकारी दुसऱ्या तुकडीबरोबर ‘मेस’ करतो, म्हणजे त्यांच्यासोबत जेवतो. तेच क्रियापद, तोच ‘विथ’, आणि भांडण कुठंच नाही. जुनी लष्करी आठवण वाचताना हा अर्थ माहीत नसला तर भलतंच वाचलं जातं.

अर्जात मेस नको

बँकेला, विमा कंपनीला, विद्यापीठाला इंग्रजीत मेल करताना ‘देअर इज अ मेस इन माय अकाउंट’ लिहू नये. एक तर हा बोलीतला शब्द आहे. दुसरं, वाचणाऱ्याला तो आरोप वाटतो. आणि खरी हानी अशी की त्यातून काय बिघडलं ते कळतच नाही. पीक विम्याच्या अर्जात आधार कार्डावरचं नाव आणि सातबाऱ्यावरचं नाव जुळत नसेल तर ‘नेम मिसमॅच’ लिहा. रक्कम चुकली असेल तर ‘राँग अमाउंट’, एकच हप्ता दोनदा कापला असेल तर ‘डेबिटेड ट्वाइस’. काम करणाऱ्या बाबूला गोंधळ निस्तरायला नाही, चूक सापडायला शब्द लागतो.

काही फुटकळ पण नेहमीच्या चुका

‘केऑस’चं स्पेलिंग ‘च’नं सुरू झाल्यासारखं दिसतं, म्हणून ‘चाओस’ म्हणणारे बरेच भेटतात. उच्चार ‘के-ऑस’. मूळ ग्रीक, अर्थ आ वासलेली पोकळी. रसायनशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी आणखी एक ध्यानात ठेवावं: ‘गॅस’ हा शब्द याच ‘केऑस’वरून सतराव्या शतकात फान हेल्मोंट नावाच्या फ्लेमिश शास्त्रज्ञानं घडवला. मेस एका खोलीत, एका वहीत मावते. केऑसला मोठी जागा लागते, उदाहरणार्थ दिवाळीच्या आदल्या दिवशीचं बसस्थानक.

‘शॅम्बल्स’च्या शेवटी ‘स’ असला तरी तो एकवचनी चालतो: ‘द ऑफिस इज अ शॅम्बल्स.’ हाही मेससारखाच खाण्याच्या वाटेनं आलेला. आधी मटणाच्या दुकानांची ओळ, मग कत्तलखाना, मग रक्ताचा सडा, आणि आता नुसती दुर्दशा.

‘मेस’ आणि ‘मॅस’ वेगळे बोला. वस्तुमानाला आपण ‘मास’ म्हणतो, इंग्रजीत तो ‘मॅस’ आहे. घाईत त्याचा ‘मेस’ झाला तर भौतिकशास्त्राच्या तोंडी परीक्षेत वस्तूचं खाणंपिणं निघतं.

राहिला आपला स्वतःचा गोंधळ. तुळजापूरची भवानी आणि माहूरची रेणुका ज्या मुलखात आहेत, तिथं गोंधळ हा आधी कुळाचार आहे. लग्नानंतर घरात चौक मांडतात, दिवटी पेटते, संबळ आणि तुणतुण्यावर गोंधळी रात्रभर देवीला आवतण देतात. भवानीचे गोंधळी कदमराई, रेणुकेचे रेणुराई. शब्द तोच, पण इथं त्याला ना मेस चालते ना कन्फ्युजन. लग्नपत्रिका मोबाईलमधल्या यंत्राकडून इंग्रजीत करून घेणारे हल्ली वाढलेत, आणि कार्यक्रमांच्या यादीत हळदीच्या खाली ‘कन्फ्युजन, रात्री ९ वाजता’ छापून यायला एवढंच पुरतं. छापायला देण्याआधी ती ओळ स्वतः वाचा. ‘जागरण-गोंधळ’ हे नाव तसंच ठेवून फक्त लिपी बदला, आणि तारीख, वेळ, पत्ता तेवढा इंग्रजीत द्या.